पंडिता रमाबाई

पंडिता रमाबाई सरस्वती (जन्म: २३ एप्रिल १८५८, मृत्यू: ५ एप्रिल १९२२, केडगाव, जि. पुणे) या एकोणिसाव्या शतकातील संस्कृत विदुषी, समाजसुधारक, लेखिका आणि स्त्रीशिक्षणाच्या पुरस्कर्त्या होत्या. पुण्यातील आर्य महिला समाज, मुंबईतील शारदा सदन आणि केडगाव येथील मुक्ती सदन या संस्था त्यांनी स्थापन केल्या. विधवांचा आश्रय आणि शिक्षण हे त्यांचे जीवनकार्य म्हणून सर्वपरिचित आहे. त्या मानाने त्यांच्या कार्याची दुसरी बाजू कमी परिचित राहिली. अमेरिकेत सुमारे पावणेतीन वर्षे राहून त्यांनी त्या देशाचा इतिहास, राज्यव्यवस्था आणि समाजजीवन यांचा अभ्यास केला आणि १८८९ मध्ये ‘युनायटेड स्टेट्सची लोकस्थिति आणि प्रवासवृत्त’ हा ग्रंथ मराठीत लिहिला. एका नव्या राष्ट्राच्या जडणघडणीतील महत्त्वाची वळणे मराठी वाचकाला त्याच्या स्वतःच्या भाषेत समजावून देणारा हा आरंभीच्या काळातील एक महत्त्वाचा ग्रंथ आहे.

जन्म व बालपण

रमाबाईंचा जन्म सह्याद्रीतील गंगामूळ या अरण्यातील ठिकाणी झाला. हे ठिकाण आज कर्नाटक राज्यात आहे. वडील अनंतशास्त्री डोंगरे हे चित्पावन ब्राह्मण कुटुंबातील विद्वान शास्त्री होते. तरुणपणी पुण्यास शिकत असताना आपले गुरू दुसऱ्या बाजीराव पेशव्यांच्या पत्नीस संस्कृत शिकवितात, हे त्यांनी पाहिले होते. स्त्रीला संस्कृत शिकविता येते आणि शिकवावे, हा विचार तेव्हापासून त्यांच्या मनात रुजला. पुढे पत्नी लक्ष्मीबाई यांना त्यांनी संस्कृत शिकविण्यास आरंभ केला, तेव्हा शास्त्रीमंडळींनी त्यांना जाब विचारला. अनंतशास्त्र्यांनी ग्रंथांचे आधार देऊन आपली बाजू मांडली. मात्र समाजाचा रोष टाळण्यासाठी त्यांनी अरण्यात घर केले.

रमाबाई हे या दांपत्याचे सर्वांत धाकटे अपत्य. थोरले बंधू श्रीनिवास आणि भगिनी कृष्णाबाई. रमाबाई लहान असतानाच कुटुंब तीर्थयात्रेस निघाले आणि पुढील अनेक वर्षे पुराणे सांगत भारतभर फिरत राहिले. रमाबाईंना अक्षरओळख आणि संस्कृत विद्या आईकडूनच मिळाली. भागवत पुराणातील हजारो श्लोक त्यांना मुखोद्गत होते. मराठी आणि संस्कृत यांखेरीज कानडी, हिंदी व बंगाली या भाषा त्यांनी प्रवासात आत्मसात केल्या. त्यांचे शिक्षण असे कोणत्याही शाळेबाहेर, धर्मशाळा, देवळांचे ओटे आणि नदीचे घाट यांवर झाले.

एकोणिसाव्या शतकाच्या आठव्या दशकातील दुष्काळी वर्षांत या कुटुंबाची वाताहत झाली. पुराण ऐकणारे आणि दक्षिणा देणारे लोकच अन्नाला महाग झाले होते. उपासमार आणि आजार यांत प्रथम वडील, नंतर आई आणि पुढे बहीण यांचा मृत्यू झाला. रमाबाई आणि श्रीनिवास ही दोन भावंडे मागे राहिली. पायी भटकत, मिळेल ते खाऊन दिवस काढत ती दोघे १८७८ मध्ये कोलकात्यास पोहोचली.

कोलकाता आणि विवाह

कोलकात्यातील पंडितांनी रमाबाईंच्या संस्कृत ज्ञानाची परीक्षा घेतली आणि त्यांना ‘पंडिता’ व ‘सरस्वती’ या पदव्या देऊन गौरविले. एका तरुण स्त्रीने संस्कृतात सहज संभाषण करावे, हे त्या काळी नवल होते. ब्राह्मो समाजाच्या नेत्यांशी, विशेषतः केशवचंद्र सेन यांच्याशी त्यांचा परिचय झाला. सेन यांच्या प्रेरणेने त्यांनी वेदांचे वाचन केले. धर्मग्रंथांतील स्त्रीविषयक वचनांची आपसांत तुलना करीत असताना परंपरेने सांगितलेल्या अनेक गोष्टींविषयी त्यांच्या मनात प्रश्न उभे राहिले.

१८८० मध्ये बंधू श्रीनिवास यांचे निधन झाले. त्याच वर्षी रमाबाईंनी बिपिनबिहारी दास मेधावी या बंगाली वकिलाशी नोंदणी पद्धतीने विवाह केला. हा विवाह आंतरजातीय आणि आंतरप्रांतीय होता. त्यामुळे दोन्ही बाजूंच्या सनातनी मंडळींचा रोष ओढवला. १८८१ मध्ये कन्या मनोरमा जन्मली. फेब्रुवारी १८८२ मध्ये बिपिनबिहारी पटकीच्या साथीत मरण पावले. वयाच्या चोविसाव्या वर्षाच्या उंबरठ्यावर, तान्ही मुलगी कडेवर घेऊन, रमाबाई विधवा झाल्या.

पुण्यातील कार्य

१८८२ मध्ये रमाबाई पुण्यास आल्या. न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे आणि इतर सुधारक मंडळींनी त्यांचे स्वागत केले. त्याच वर्षी त्यांनी आर्य महिला समाजाची स्थापना केली. स्त्रियांनी एकत्र जमावे, वाचावे, व्याख्याने ऐकावीत आणि बालविवाहासारख्या रूढींचा विचार करावा, हा या संस्थेचा उद्देश होता. त्याच वर्षी ‘स्त्रीधर्मनीति’ हे त्यांचे मराठी पुस्तक प्रसिद्ध झाले.

सरकारने नेमलेला शिक्षण आयोग, ज्याला हंटर आयोग म्हणतात, १८८२ मध्ये पुण्यास आला असता रमाबाईंची साक्ष झाली. मुलींच्या शाळांसाठी शिक्षिका तयार कराव्यात आणि स्त्रियांना वैद्यकीय शिक्षण द्यावे, हे त्यांच्या साक्षीतील मुख्य मुद्दे होते. परपुरुष डॉक्टरपुढे जाण्यास संकोच वाटल्याने असंख्य स्त्रिया उपचारांवाचून मरतात, याकडे त्यांनी आयोगाचे लक्ष वेधले.

इंग्लंडमधील वास्तव्य

वैद्यकीय शिक्षण घ्यावे या हेतूने रमाबाई १८८३ मध्ये मनोरमेसह इंग्लंडला गेल्या. ‘स्त्रीधर्मनीति’च्या विक्रीतून आलेल्या पैशाचा या प्रवासास हातभार लागला. वाँटेज येथील अँग्लिकन भगिनींच्या मठात त्यांची राहण्याची सोय झाली. ऐकू कमी येत असल्यामुळे डॉक्टर होण्याचा विचार मात्र त्यांना सोडावा लागला. सोबत आलेल्या आनंदीबाई भगत यांचा वाँटेज येथे दुर्दैवी अंत झाला. त्या आघातानंतर काही काळ रमाबाई अत्यंत अस्वस्थ होत्या.

२९ सप्टेंबर १८८३ रोजी रमाबाई आणि मनोरमा यांनी ख्रिस्ती धर्माची दीक्षा घेतली. या बातमीने महाराष्ट्रात मोठी खळबळ उडाली. ज्यांनी त्यांना डोक्यावर घेतले होते, त्यांपैकी अनेकांनी पाठ फिरविली. महात्मा जोतीराव फुले यांनी मात्र १८८५ मध्ये ‘सत्सार’मधून त्यांची बाजू घेतली. धर्मांतरानंतरही रमाबाईंची स्वतंत्र बुद्धी शाबूत होती. चर्चच्या अधिकाराविषयी आणि त्रैक्याच्या सिद्धांताविषयी त्यांनी मठातील भगिनींशी पत्रांतून दीर्घ वाद घातला. पटल्याशिवाय कोणतेही मत स्वीकारणे त्यांना मान्य नव्हते. या काळात त्यांनी चेल्टनहॅम येथील स्त्रियांच्या महाविद्यालयात डोरोथिया बील यांच्या मार्गदर्शनाखाली अध्ययन केले आणि तेथे संस्कृतचे अध्यापनही केले.

अमेरिकेतील वास्तव्य

रमाबाईंच्या नात्यातील आनंदीबाई जोशी फिलाडेल्फिया येथील पेनसिल्व्हेनिया स्त्री वैद्यकीय महाविद्यालयात शिकत होत्या. ११ मार्च १८८६ रोजी त्यांचा पदवीदान समारंभ होणार होता. महाविद्यालयाच्या अधिष्ठाता डॉ. रेचल बॉडली यांच्या निमंत्रणावरून रमाबाई लिव्हरपूलहून आगबोटीने निघाल्या आणि मार्च १८८६ च्या आरंभी फिलाडेल्फियास पोहोचल्या. काही महिन्यांसाठी म्हणून गेलेल्या रमाबाई तेथे १८८८ च्या अखेरीपर्यंत राहिल्या.

ज्या नगरात त्यांनी प्रथम पाऊल ठेवले, त्या फिलाडेल्फियातच ४ जुलै १७७६ रोजी स्वातंत्र्याचा जाहीरनामा संमत झाला होता आणि १७८७ मध्ये देशाच्या राज्यघटनेचा मसुदा तयार झाला होता. स्त्रियांना डॉक्टर करणारे वैद्यकीय महाविद्यालयही याच नगरात १८५० मध्ये निघाले होते. नव्या राष्ट्राच्या इतिहासातील अशा घटनांची स्थळे रमाबाईंच्या रोजच्या वाटेवर होती.

फिलाडेल्फियात त्यांनी फ्रोबेल यांच्या बालोद्यान पद्धतीचे शिक्षण घेतले. लहान मुलांना खेळ, वस्तू आणि चित्रे यांच्या साहाय्याने शिकविण्याची ही पद्धत आपल्याकडील मुलींच्या शाळेत आणावी, असे त्यांना वाटले. मराठी शाळांसाठी सचित्र क्रमिक पुस्तके तयार करण्याचे कामही त्यांनी तेथे हाती घेतले.

१८८७ मध्ये ‘द हाय कास्ट हिंदू वुमन’ हे त्यांचे इंग्रजी पुस्तक प्रसिद्ध झाले. ते त्यांनी आपल्या आईच्या स्मृतीस अर्पण केले असून त्यास डॉ. बॉडली यांची प्रस्तावना आहे. त्याच वर्षी फेब्रुवारीत आनंदीबाई जोशी यांचे पुण्यात अवघ्या एकविसाव्या वर्षी निधन झाले होते. उच्चवर्णीय हिंदू स्त्रीचे बालपण, विवाह आणि वैधव्य यांचे वर्णन करणाऱ्या या पुस्तकाच्या हजारो प्रती खपल्या. विधवांसाठी निवासी शाळा काढण्याच्या रमाबाईंच्या योजनेला साहाय्य करण्यासाठी डिसेंबर १८८७ मध्ये बॉस्टन येथे रमाबाई असोसिएशन स्थापन झाली. तिने दहा वर्षे आर्थिक साहाय्य देण्याचे मान्य केले. देशाच्या एका किनाऱ्यापासून दुसऱ्या किनाऱ्यापर्यंत रमाबाईंनी व्याख्याने दिली. मद्यपानविरोधी स्त्री चळवळीच्या नेत्या फ्रान्सिस विलर्ड यांच्याशी त्यांचा स्नेह जुळला. नोव्हेंबर १८८८ मध्ये त्या सॅन फ्रान्सिस्कोहून निघाल्या आणि जपानमार्गे फेब्रुवारी १८८९ मध्ये मुंबईस परतल्या.

‘युनायटेड स्टेट्सची लोकस्थिति आणि प्रवासवृत्त’

अमेरिकेतील अनुभव आणि अभ्यास यांवर आधारलेला हा ग्रंथ डिसेंबर १८८९ मध्ये मुंबईत प्रसिद्ध झाला. यात आठ प्रकरणे आहेत. आरंभी लिव्हरपूल ते फिलाडेल्फिया या सागरप्रवासाचे वर्णन आहे. त्यानंतर अमेरिका खंड व त्याचा पूर्वेतिहास, राज्यव्यवस्था, लोकांची राहणी, गृहस्थिती, शिक्षण, धर्मपंथ व परोपकारी संस्था आणि शेवटी स्त्रियांची स्थिती असा क्रम आहे. स्त्रियांविषयीचे प्रकरण सर्वांत विस्तृत आहे.

पृथ्वीच्या पाठीवर आपल्या पायांखाली बरोबर विरुद्ध बाजूस असलेला देश म्हणून अमेरिकेला त्या काळी मराठीत पाताळ म्हणत. रमाबाईंनीही ही कल्पना वापरली. पुराणातील पाताळ ऐकून माहीत असलेल्या वाचकाला त्या भूगोलातील आणि इतिहासातील पाताळाकडे घेऊन जातात. ओळखीच्या गोष्टीपासून अनोळखी गोष्टीकडे नेण्याची ही रीत चांगल्या शिक्षकाची आहे. पुराणिकाच्या घरात वाढलेल्या रमाबाईंना ती सहज साधली.

या ग्रंथात ज्या घडामोडींचा विचार येतो, त्या समजण्यासाठी अमेरिकेच्या आरंभीच्या इतिहासाचा क्रम ध्यानात घ्यावा लागतो. हिंदुस्थानचा सागरी मार्ग शोधताना कोलंबस १४९२ मध्ये अमेरिका खंडालगतच्या बेटांवर पोहोचला. तेथील रहिवाशांना इंडियन हे नाव या चुकीतूनच पडले. १६०७ मध्ये जेम्सटाउन येथे इंग्रजांची पहिली टिकाऊ वसाहत झाली. १६२० मध्ये धर्माचरणाच्या स्वातंत्र्यासाठी निघालेल्या लोकांची एक टोळी ‘मेफ्लॉवर’ या जहाजातून प्लिमथ येथे उतरली. पूर्व किनाऱ्यावर पुढे इंग्रजांच्या तेरा वसाहती झाल्या. इंग्लंडच्या पार्लमेंटमध्ये या वसाहतींचा प्रतिनिधी नव्हता, तरी पार्लमेंट त्यांच्यावर कर बसवीत असे. या अन्यायाविरुद्धचा असंतोष वाढत गेला. डिसेंबर १७७३ मध्ये बॉस्टन बंदरात चहाच्या पेट्या समुद्रात फेकण्यात आल्या. १७७५ मध्ये युद्धास तोंड लागले, १७७६ मध्ये स्वातंत्र्याचा जाहीरनामा निघाला आणि १७८३ च्या पॅरिस तहाने इंग्लंडने वसाहतींचे स्वातंत्र्य मान्य केले. १७८७ च्या राज्यघटनेने तेरा राज्यांचे एक संघराज्य झाले आणि १७८९ मध्ये जॉर्ज वॉशिंग्टन पहिले राष्ट्राध्यक्ष झाले.

हा इतिहास रमाबाई १८८९ मध्ये सांगत होत्या, ही गोष्ट महत्त्वाची आहे. त्यांचा वाचक त्याच इंग्लंडच्या सत्तेखाली होता. एका वसाहतीने आपल्या हिमतीवर ती सत्ता दूर केली आणि राजावाचून राज्य चालविले, ही हकिकत मराठी वाचकाच्या हाती देणे ही केवळ प्रवासवर्णनाची बाब नव्हती. निवडून दिलेला राष्ट्राध्यक्ष, ठरावीक मुदतीनंतर होणारी निवडणूक, राज्ये व केंद्र यांच्यातील अधिकारांची विभागणी यांचे विवेचन त्यांनी राज्यव्यवस्थेच्या प्रकरणात केले आहे. काँग्रेस ही संस्था स्थापन होऊन तेव्हा जेमतेम चार वर्षे झाली होती, आणि सर्वसामान्य मराठी वाचकाला लोकप्रतिनिधींच्या राज्याची कल्पना नवी होती.

मात्र रमाबाईंनी अमेरिकेची केवळ स्तुती केली नाही. युरोपीय लोकांनी मूळ रहिवाशांच्या भूमी बळकाविल्या, त्यांची फसवणूक केली आणि त्यांना देशोधडीस लावले, याविषयी त्यांनी कठोर शब्दांत लिहिले आहे. ज्या घटनेला विजेत्यांचा इतिहास शोध म्हणतो, तीच घटना हरलेल्यांसाठी सर्वनाशाचा आरंभ होती, हे त्यांच्या मांडणीतून वाचकाच्या ध्यानी येते. सर्व माणसे समान आहेत असे जाहीर करणाऱ्या देशाने त्यानंतरही सुमारे नव्वद वर्षे गुलामगिरी चालू ठेवली, ही विसंगतीही त्यांच्या नजरेतून सुटली नाही. अब्राहम लिंकन यांनी १८६३ मध्ये मुक्तीचा जाहीरनामा काढला आणि यादवी युद्धानंतर १८६५ मध्ये घटनादुरुस्तीने गुलामगिरी कायद्याने बंद झाली. तरी कृष्णवर्णीयांविषयीचा तिरस्कार समाजात शिल्लक असल्याचे रमाबाईंनी नोंदविले आहे. जातिभेदाच्या समाजातून आलेल्या लेखिकेला वर्णभेद ओळखण्यास वेळ लागला नाही.

गुलामगिरीच्या निर्मूलनाचा महाराष्ट्राशी याआधीही संबंध आला होता. महात्मा फुले यांनी १८७३ मध्ये आपला ‘गुलामगिरी’ हा ग्रंथ गुलामांना मुक्त करणाऱ्या अमेरिकेतील सदाचारी लोकांना अर्पण केला होता. फुले यांनी अमेरिकेच्या उदाहरणातून शूद्रातिशूद्रांच्या मुक्तीचा विचार मांडला. रमाबाईंनी त्याच देशाच्या उदाहरणातून स्त्रियांच्या उन्नतीचा विचार मांडला.

स्त्रियांच्या प्रकरणात या ग्रंथाचा खरा हेतू स्पष्ट होतो. अमेरिकेतील स्त्रियांना शिक्षण, नोकरी, मालमत्तेचा हक्क आणि सार्वजनिक जीवनातील स्थान सहज मिळालेले नव्हते. गुलामगिरीविरोधी चळवळीत उतरलेल्या स्त्रियांना व्यासपीठावर बोलण्याचीही मोकळीक नव्हती. त्या अनुभवातून १८४८ मध्ये सेनेका फॉल्स येथे स्त्रियांच्या हक्कांसाठी परिषद भरली. वैद्यकीय महाविद्यालये, मुलींच्या उच्च शिक्षणसंस्था, मद्यपानविरोधी संघटना हे सर्व त्यानंतरच्या चाळीसएक वर्षांतील कष्टांचे फळ होते. मताचा अधिकार तर रमाबाई तेथे असताना देशभरातील स्त्रियांना मिळालेलाच नव्हता. तो १९२० मध्ये मिळाला. पाश्चात्त्य स्त्री मूळचीच पुढारलेली, असा आपल्याकडे समज होता. ती चाळीस-पन्नास वर्षांपूर्वी बरीचशी आपल्यासारखीच होती आणि संघटित प्रयत्नांनी पुढे आली, हे दाखवून रमाबाईंनी मराठी स्त्रियांपुढे आशेला जागा आहे असे सिद्ध केले.

लेखनासाठी रमाबाईंनी प्रत्यक्ष निरीक्षणाबरोबर ग्रंथांचाही आधार घेतला. अमेरिकन समाजाविषयी लिहिणाऱ्या इंग्रज लेखिका हॅरिएट मार्टिनो यांच्या लेखनाचा त्यांच्यावर प्रभाव होता. ग्रंथाची भाषा सोपी, सरळ आणि जागोजागी विनोदाची झाक असलेली आहे. स्त्रियांच्या टोप्यांवर शोभेसाठी पक्ष्यांची पिसे लावण्याच्या प्रथेवरही त्यांनी टीका केली आहे.

शारदा सदन

मुंबईत परतल्यावर थोड्याच दिवसांत, ११ मार्च १८८९ रोजी रमाबाईंनी गिरगाव चौपाटीजवळ शारदा सदन सुरू केले. आनंदीबाई जोशी यांना पदवी मिळाली, त्या दिवसाला बरोबर तीन वर्षे झाली होती. लेखिका काशीबाई कानिटकर या समारंभाच्या अध्यक्ष होत्या. गोदूबाई या बालविधवा सदनाच्या पहिल्या विद्यार्थिनींपैकी होत. १८९३ मध्ये त्यांचा धोंडो केशव कर्वे यांच्याशी पुनर्विवाह झाला आणि त्या आनंदीबाई कर्वे झाल्या. पुढे कर्वे यांनी उभारलेल्या स्त्रीशिक्षणाच्या कार्याशी शारदा सदनाचे नाते असे जोडलेले आहे.

डिसेंबर १८८९ मध्ये मुंबईत भरलेल्या काँग्रेसच्या पाचव्या अधिवेशनास जे थोडे स्त्री प्रतिनिधी उपस्थित होते, त्यांत रमाबाई होत्या. त्याच सुमारास झालेल्या सामाजिक परिषदेत विधवांच्या केशवपनाविरुद्ध त्यांनी भाषण केले.

१८९० मध्ये सदन पुण्यास हलविण्यात आले. सदनात धर्मशिक्षण दिले जाणार नाही आणि प्रत्येकीला आपल्या धर्माप्रमाणे वागण्याची मोकळीक राहील, असे आरंभी ठरले होते. न्यायमूर्ती रानडे, रामकृष्ण गोपाळ भांडारकर आदी मंडळी सल्लागार होती. परंतु रमाबाईंच्या खासगी प्रार्थनेस काही मुली बसू लागल्या, तेव्हा धर्मप्रसाराचा आरोप झाला. ‘केसरी’ने सदनावर कडक टीका केली. मुलींना येण्यास मनाई करणे हा त्यांच्या स्वातंत्र्यावर घाला ठरेल, ही रमाबाईंची भूमिका होती. पालकांच्या विश्वासाचा भंग झाला, ही विरोधकांची भूमिका होती. १८९३ मध्ये सल्लागार मंडळींनी राजीनामे दिले आणि अनेक पालकांनी आपल्या मुली काढून नेल्या. पुण्यातील सुधारक वर्तुळाशी रमाबाईंचे असलेले नाते यानंतर जवळजवळ तुटले. त्यांच्या अमेरिकेवरील ग्रंथाची चर्चाही या वादाच्या धुरळ्यात मागे पडली.

दुष्काळ आणि मुक्ती सदन

पुण्यापासून काही अंतरावर, आजच्या दौंड तालुक्यातील केडगाव येथे रमाबाईंनी सुमारे शंभर एकर जमीन घेतली होती. संस्था परक्या मदतीवर कायम अवलंबून राहू नये, म्हणून फळबाग व शेती करण्याचा त्यांचा विचार होता. १८९६-९७ मध्ये मध्य प्रांतात भीषण दुष्काळ पडला. आजचा भंडारा जिल्हाही त्या काळी याच प्रांतात होता. स्वतःच्या आई-वडिलांना दुष्काळात गमावलेल्या रमाबाई मध्य प्रांतात गेल्या आणि रस्त्यावर पडलेल्या, मदतकेंद्रांभोवती निराधार फिरणाऱ्या शेकडो मुली व स्त्रियांना त्यांनी आश्रयासाठी आणले. पुण्यात प्लेगचे निर्बंध असल्यामुळे त्यांना शहरात ठेवता येईना. म्हणून केडगावच्या मोकळ्या माळावर झोपड्या आणि तंबू उभे राहिले. येथून मुक्ती सदनाचा विस्तार झाला.

त्याच वर्षी पुण्यातील प्लेग निवारणाच्या सरकारी बंदोबस्तात स्त्रियांची अप्रतिष्ठा होत असल्याबद्दल रमाबाईंनी वृत्तपत्रात जाहीर पत्र लिहिले. ख्रिस्ती झाल्यामुळे त्या सरकारच्या बाजूच्या झाल्या, असे मानणाऱ्यांना हे पत्र अनपेक्षित होते.

१८९८ मध्ये त्या पुन्हा अमेरिकेला गेल्या. दहा वर्षांचा करार पूर्ण झाला होता. असोसिएशनची नव्याने रचना होऊन साहाय्य पुढे चालू राहिले. १९०० च्या सुमारास गुजरातमधील दुष्काळातूनही पुष्कळ स्त्रिया आणि मुले आणण्यात आली. तेव्हा केडगाव येथील आश्रितांची संख्या दोन हजारांच्या जवळपास पोहोचली. पतित म्हणून समाजाने टाकलेल्या स्त्रियांसाठी कृपा सदन उभे राहिले आणि अंध मुलींच्या शिक्षणाचीही सोय झाली. शेती, विणकाम, शिवण, तेलघाणा, छपाई आणि अध्यापन अशी कामे स्त्रिया शिकल्या आणि करू लागल्या. छापखान्यातील खिळे जुळविण्यापासून पुस्तक बांधण्यापर्यंतची कामे त्याच करीत. बालोद्यानाच्या शिक्षणासारखी अमेरिकेत पाहिलेली पद्धत केडगावच्या माळावर मराठी रूप घेऊन आली.

बायबलचे भाषांतर व अखेरचा काळ

उपलब्ध मराठी बायबलची भाषा संस्कृतप्रचुर असल्याने ती अल्पशिक्षित बायांना कळत नाही, असा रमाबाईंचा अनुभव होता. त्यांनी हिब्रू आणि ग्रीक भाषांचा अभ्यास करून मूळ भाषांवरून सोप्या मराठीत भाषांतर करण्याचे काम हाती घेतले आणि आयुष्याची अखेरची अनेक वर्षे त्यासाठी वेचली. संस्कृतच्या व्यासंगाने ज्यांना पदव्या मिळाल्या, त्यांनीच आता संस्कृत शब्द कटाक्षाने टाळले. हे संपूर्ण भाषांतर त्यांच्या निधनानंतर, १९२४ मध्ये प्रसिद्ध झाले.

मनोरमाबाई अमेरिकेत काही काळ शिकून परतल्या होत्या आणि आईच्या कार्याचा भार सांभाळत होत्या. गुलबर्गा येथेही त्यांनी मुलींसाठी शाळा काढली. १९१९ मध्ये सरकारने रमाबाईंना कैसर-इ-हिंद सुवर्णपदक दिले. जुलै १९२१ मध्ये मनोरमाबाईंचे निधन झाले. आई, वडील, बहीण, भाऊ, पती आणि अखेर एकुलती एक मुलगी अशी सर्व माणसे गमावल्यावरही रमाबाई भाषांतराची मुद्रिते तपासत राहिल्या. ५ एप्रिल १९२२ रोजी केडगाव येथे त्यांचे निधन झाले.

वारसा

केडगाव येथील मुक्ती मिशनचे काम आजही चालू आहे. २६ ऑक्टोबर १९८९ रोजी भारतीय टपाल खात्याने रमाबाईंच्या स्मरणार्थ तिकीट काढले. अमेरिकेवरील ग्रंथ दीर्घकाळ दुर्लक्षित राहिला. धर्मांतराच्या वादाने त्यांच्या वाङ्मयीन कार्याचा विचार मागे पडला, हे त्याचे एक मोठे कारण होय. २००३ मध्ये या ग्रंथाचे इंग्रजी अनुवाद प्रसिद्ध झाले. त्यांपैकी एक मीरा कोसंबी यांचा आहे. या अनुवादांमुळे अमेरिकेच्या अभ्यासकांचेही लक्ष या मराठी ग्रंथाकडे वेधले गेले.

इतिहासाच्या विद्यार्थ्याला या ग्रंथाचा उपयोग आजही होतो. अमेरिकेचा शोध, वसाहतींचे स्वातंत्र्य, राज्यघटना, गुलामांची मुक्ती आणि स्त्रियांची चळवळ या घटना पाठ्यपुस्तकात सनावळीच्या रूपाने येतात. रमाबाईंच्या ग्रंथात त्याच घटना दोन प्रश्नांसह येतात: या बदलाने कोणाचे कल्याण झाले आणि कोणाला त्याची किंमत मोजावी लागली? देशाचे स्वातंत्र्य आले तेव्हा गुलाम गुलामच राहिला, गुलाम मुक्त झाला तेव्हा स्त्री मताधिकारावाचून राहिली, आणि या सर्व काळात मूळ रहिवासी आपल्याच भूमीत परका होत गेला. हे सर्व एकाच दृष्टिक्षेपात पाहणारी लेखिका स्वतः पारतंत्र्यातील देशाची नागरिक, विधवा आणि समाजाने दूर लोटलेली स्त्री होती. त्यामुळे तिला दोन्ही बाजू दिसल्या. शाळेचे तोंड न पाहिलेल्या, धर्मशाळांच्या ओसरीवर आईकडून शिकलेल्या एका मुलीने पुढे आपल्या भाषेतील वाचकांना पृथ्वीच्या दुसऱ्या टोकाचा इतिहास शिकविला.